उघडा चौक की काचेखालचा चौक?

साताऱ्याजवळ घर बांधू पाहणाऱ्या एका स्नेह्यांपुढे पेच आहे: दहा बाय दहा फुटांचा चौक जुन्या वाड्यांप्रमाणे आभाळाला मोकळा ठेवावा, की हल्लीच्या बंगल्यांप्रमाणे काचेने झाकावा?

हवेच्या बाबतीत उघडा चौक निःसंशय सरस ठरतो. रात्री थंड झालेली जड हवा चौकात उतरून भोवतालच्या सोप्यांत, म्हणजे ओसऱ्यांत, पसरते आणि दिवसा तापलेली हवा वर निघून जाते. काचेतून ऊन आत येते, पण उष्णता सहज बाहेर पडत नाही. छताखाली चहूबाजूंनी झरोके ठेवले नाहीत, तर वैशाखात त्याच चौकाची भट्टी होते.

पावसाचा हिशेब उलटा आहे. १०० मिलिमीटर पाऊस पडला, तर एवढ्या चौकात सुमारे ९३० लिटर पाणी उतरते आणि छपरांच्या पागोळ्या आतच पडत असतील, तर त्यांची भर निराळी. म्हणून फरशी खोल्यांपेक्षा खाली, उतार नेमका आणि पाण्याची वाट रुंद हवी.

खर्च काचेचा अधिक. पॉलिकार्बोनेटचे पत्रे स्वस्त, पण उन्हाने पिवळे पडतात. उघड्या चौकाला मात्र चोर-माकडांसाठी जाळी लागतेच, शिवाय रोजची झाडलोट.

घरात दिवसभर माणसांचा वावर असेल, तर उघडा चौक घ्यावा. घर बराच काळ बंद राहणार असेल किंवा चौकातूनच ये-जा करणारी वृद्ध मंडळी असतील, तर झरोक्यांसह काच योग्य.