हार्प्टोसचं कॅलेंडर: हिशोबाला एक नंबर, चंद्राला मात्र जरा दुरुस्ती हवी

डंजन्स अँड ड्रॅगन्स या टेबलभोवती बसून गोष्ट रचत खेळायच्या गेममधल्या फर्गॉटन रेल्म्स नावाच्या काल्पनिक जगात जे हार्प्टोसचं कॅलेंडर चालतं ना, त्यावर लिहायचं कधीचं डोक्यात होतं. नवीन डीएम, म्हणजे गेममधली गोष्ट चालवणारे लोक, एकतर तारखांकडे बघतच नाहीत, नाहीतर पहिल्याच दिवशी तेरा महिने नि चार चंद्र असं स्वतःचं काहीतरी बनवायला घेतात आणि तिसऱ्या सेशनला त्यातलं कुणाला काही आठवत नाही. त्यापेक्षा हे तयार आहे ते घ्या. माझ्याकडून पाचपैकी चार, आणि एक का कापला ते चंद्रापाशी आलो की सांगते.

मांडणी एकदम सुटसुटीत. बारा महिने, प्रत्येक बरोब्बर ३० दिवसांचा, आणि महिन्यात दहा-दहा दिवसांचे तीन टेनडे. झाले ३६०. उरलेले ५ दिवस कुठल्याच महिन्याचे नाहीत, ते महिन्यांच्या मधे घुसवलेत आणि पाचही सणाचे: मिडविंटर, ग्रीनग्रास, मिडसमर, हायहार्वेस्टटाइड आणि फीस्ट ऑफ द मून. शिवाय दर चार वर्षांनी मिडसमरच्या दुसऱ्या दिवशी शील्डमीट, म्हणजे यांचा लीप डे.

आता ३०-३० चे महिने नि दहाचे गट ही कल्पना जुनीच आहे, प्राचीन इजिप्तमध्ये हेच होतं, फ्रेंच क्रांतीवाल्यांनीही १७९३ मध्ये असंच आणलं आणि ते १८०५ संपेपर्यंत चाललं. पण त्या दोघांनी जास्तीचे दिवस वर्षाच्या शेवटी एकगठ्ठा टाकले. इथे ते वर्षभर विखुरलेत, आणि टेबलवर खरी मजा यातच आहे. समजा पार्टी, म्हणजे प्लेअर्सच्या पात्रांची टोळी, एलेइंट महिन्याच्या २७ ला निघाली आणि वाट आठ दिवसांची आहे, तर पोचणार कधी? २८, २९, ३०, मग हायहार्वेस्टटाइड, मग पुढच्या महिन्याचे १, २, ३ आणि ४ मारपेनॉथ. म्हणजे मधल्या एका रात्री ते रस्त्यात आहेत आणि आजूबाजूच्या प्रत्येक गावात सण चाललाय, डीएमने काही न करता सीन तयार! किंवा असं बघा, जुन्या पहारेकऱ्यांची ड्युटी एलेइंटच्या ३० ला संपते, नवीन लोक मारपेनॉथच्या १ ला येतात, मग मधल्या दिवशी वेशीवर कोण उभं आहे? मी एक अख्खी चोरी यावर बेतली होती.

वर्षांची नावं हा तर माझा सगळ्यात लाडका भाग. मोजणी डेलरेकनिंगने, म्हणजे त्या जगातल्या सनाने होते, पण प्रत्येक वर्षाला नुसता आकडा नाही, नावपण आहे, आणि ती नावं त्या जगातल्या द्रष्ट्यांनी आधीच सांगून ठेवलीत. १३८५ हे 'निळ्या आगीचं वर्ष', आणि त्याच वर्षी स्पेलप्लेग, म्हणजे जादूच बिघडवणारं संकट, येऊन निळी आग सगळीकडे पसरते. १४९२ म्हणजे 'तीन जहाजं निघाल्याचं वर्ष'. नुसतं नाव सांगून सोडून द्या, प्लेअर्स बंदरावर प्रत्येक जहाज मोजत बसतात.

वारांना नावं नाहीत, टेनडेचा पहिला, दुसरा असंच म्हणायचं, ते थोडं कोरडं वाटतं. चालून जातं पण.

आता चंद्र. सेलूने हे त्या जगातल्या चंद्राचं नाव, त्याची एका पौर्णिमेपासून पुढच्या पौर्णिमेपर्यंतची फेरी ३० दिवस, १० तास, ३० मिनिटांची आहे. वाचताना वाटतं वा, काय बारीक काम केलंय. मग बाराने गुणा. बरोब्बर ३६५ दिवस ६ तास येतात, म्हणजे लीप डे धरून जेवढं सरासरी वर्ष आहे तेवढंच! चार वर्षांत नेमक्या ४८ फेऱ्या, काही उरत नाही. आपल्या पृथ्वीवर बारा चांद्रमास साधारण ३५४ दिवसांत आटपतात, वर्षाला जवळपास ११ दिवसांची तूट पडते, आणि ती भरून काढायला लोकांनी अधिक महिने घातले, १९ वर्षांची चक्रं शोधली, केवढं गणित उभं राहिलं त्या एका तुटीतून. इथे तूटच नाही. त्यामुळे एखाद्या सणाला पौर्णिमा असेल तर एखाद दिवस इकडेतिकडे होऊन ती दरवर्षीच असणार, आणि नसेल तर कधीच नाही. वेअरवुल्फची, म्हणजे पौर्णिमेला लांडगा होणाऱ्या माणसाची गोष्ट चालवायची असेल तर हे फार खटकतं, कारण 'यंदा मिडविंटर पौर्णिमेला आलाय' ही भीतीच शिल्लक राहत नाही.

हिशोब नको असेल त्यांना हे सोयीचं आहे, मान्य, एकदा बारा तारखा लिहून ठेवल्या की काम झालं. पण माझ्या गेममध्ये मी चंद्र साडेएकोणतीस दिवसांचा केला, बाकी सगळं जसंच्या तसं. आता पौर्णिमा वर्षाला सव्वाअकरा दिवस आधी सरकते, साधारण दर तिसऱ्या वर्षी तेरावी पौर्णिमा येते, आणि ती कुठल्या महिन्यात येणार हे आमच्या ग्रुपमधली ड्रुइड (निसर्गाची जादू करणारं पात्र) आधीच काढून ठेवते.

नवीन कॅम्पेन, म्हणजे अनेक सेशन चालणारी गोष्ट, सुरू करणार असाल तर चारने भाग जाणारं वर्ष घ्या, १४९२ चालेल, आणि पहिलं सेशन शील्डमीटला ठेवा. त्या दिवशी राज्यकर्ते लोकांसमोर बसतात, जुने करार नव्याने होतात, त्यामुळे पाच अनोळखी माणसं एका जागी का आली याचं कारण शोधत बसावं लागत नाही.