सांगलीतलं शनिवारचं पाथफाइंडर टेबल आणि गायब झालेले 'बघणारे'

विश्रामबागेतल्या एका बोर्डगेम कॅफेत सलग तीन शनिवार बसून आले, काल गोष्ट संपली आणि अजून डोक्यातनं जाईना म्हणून लिहितेय. माणशी २५० रुपये, चार तास, चहा आणि भडंग त्यातच. खेळ पाथफाइंडर, म्हणजे टेबलाभोवती बसून प्रत्येकानं एक पात्र घ्यायचं आणि फासे टाकत मिळून गोष्ट खेळायची, तो पण जुना, २००९ चा.

ज्यांनी कधी खेळलं नाही त्यांच्यासाठी सांगते. या खेळाचं जे जग आहे, गोलॅरिअन, तिथं माणसांचा एक देव होता अ‍ॅरोडेन. तो त्या जगाच्या ४६०६ साली परत येणार असं भाकीत होतं, सगळे वाट बघत बसलेले आणि तो आलाच नाही, मेला. तीन आठवडे नुसती वादळं. त्याच्या पुजाऱ्यांची हाक त्याच्यापर्यंत पोचेना आणि तेव्हापासून त्या जगात भाकितांवर भरवसाच राहिला नाही. एवढं मूळ खेळातलं. पुढचं आमच्या जीएमदादाचं स्वतःचं (जीएम म्हणजे गोष्ट चालवणारा). नदीकाठी एक मठ, त्यात पिढ्यान्‌पिढ्या भविष्य सांगणाऱ्यांचा पंथ, त्याला नाव पण दिलं नाही त्यानं, गावातले त्यांना नुसतं 'बघणारे' म्हणायचे. देव गेला, दिसायचं बंद झालं आणि थोड्याच वर्षांत अख्खा पंथ गायब. आपण शंभर वर्षांनी जाऊन शोधायचं की ते गेले कुठं.

आता टेबलावरची माणसं. जतचा एक पोरगा होता, त्यानं ओरॅकल नावाचं पात्र घेतलं. हा प्रकार खेळात २०१० ला आला, त्यात शक्ती न मागता मिळते आणि तिच्याबरोबर एक शाप पण मिळतो. याचा शाप असा की लढाई सुरू झाली की त्याला एकच परकी भाषा बोलता येते आणि तेवढीच कळते. त्यानं निवडली अ‍ॅक्वान, म्हणजे पाण्यातल्या जिवांची भाषा. आता ती टेबलावर बोलणार कशी, तर पोराच्या घरी कन्नड, दादा म्हणाला तू कन्नडच बोल. मला तेव्हा हे गमतीचं वाटलेलं.

मी पुजारीण होते, तिसऱ्या लेव्हलची. शकुन बघायचा मंत्र असतो, पण त्यात अर्ध्या तासापुरतंच कळतं आणि ते पण शुभ का अशुभ एवढंच, माझ्या लेव्हलला बरोबर उत्तर मिळायची ७३ टक्के शक्यता, आणि फासा दादा पडद्यामागं टाकतो म्हणजे उत्तर खरं आलंय का ते आपल्याला कळतच नाही. आमची आजी देवीला कौल लावायची तेव्हा असंच असायचं, उजवा का डावा एवढंच, मग घरी येईपर्यंत जिवाला घोर. दुसऱ्या शनिवारी मठाच्या तळघरात उतरायच्या आधी मी मंत्र टाकला, दादा म्हणाला काहीच नाही. शुभ पण नाही, अशुभ पण नाही.

उतरलो. अंधारात लढाई लागली आणि तो जतचा पोरगा ओरडायला लागला, नीरु बंतु, नीरु बंतु. आम्हाला कुणाला काय कळेना. मिरजेच्या एक ताई होत्या, त्यांचं आजोळ विजापूरकडचं, त्यांना कळलं, पण त्यांच्या पात्राला ती भाषा येत नाही म्हणून त्या तोंडावर हात दाबून गप बसल्या. दोन राउंड गेले. मग दादा हळू आवाजात म्हणाला, तुमचे पाय भिजलेत. पाणी आलंय, पाणी आलंय असं तो पोरगा मगापासून सांगत होता.

तिथनं वर पळताना पायऱ्यांवर रेघा दिसल्या, प्रत्येक रेघेपुढं तारीख. शंभर वर्षांच्या. बघणारे कुठं गेलेच नव्हते. पुढचं दिसायचं बंद झाल्यावर त्यांनी अंगावरची वस्त्रं टाकली, गावात मिसळले, आणि पाणी कुठवर आलं ते रोज रात्री येऊन पायरीवर कोरायचं आणि गावाला ओरडून सांगायचं एवढंच काम पिढ्यान्‌पिढ्या धरलं.

टेबलावर कुणी बोलेना. २०१९ च्या महापुरात इथं कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांच्या वर गेलेलं. ४० ला इशारा, ४५ ला धोका, हे आकडे इथल्या शाळेतल्या पोराला पण पाठ आहेत. कोयनेतनं किती सोडलं, आयर्विनला किती झालं, रात्री दोन-दोनला फोन करून विचारलंय आम्ही, आणि पलीकडनं कुणीतरी जागा राहून आकडा सांगितलाय. मला त्या रेघा कोरणाऱ्या माणसांचा हात दिसला अक्षरशः. दादा पण इथलाच, त्याशिवाय हे सुचणार नाही.

तक्रारी पण आहेत. तिसऱ्या शनिवारी आमचं टेबल दुसऱ्या ग्रुपला पण दिलेलं, चाळीस मिनिटं तिथंच गेली आणि पैसे पूर्ण घेतले, हे बरोबर नाही. वर टीव्हीवर मॅच चालू, तळघराच्या प्रसंगाला तरी बंद करायला पाहिजे होती. कॅरेक्टर शीट (आपल्या पात्राची माहिती लिहायचा कागद) सगळं इंग्रजीत, नवीन माणसाचा पहिला शनिवार त्यातच जातो. भडंग छान पण तेलाची बोटं शीटला लागतात, वेगळं ताट द्या. आणि काल शेवटी दादानं घाटावर एक राक्षस आणून मारामारी लावली ती नको होती, पायऱ्यांवरच गोष्ट पुरी झालेली.

पुढच्या शनिवारी नवीन गट बसतोय, सहा जागा, तोच मठ पण नदीच्या वरल्या अंगाच्या गावातनं. मी नाव दिलंय, मिरजेच्या ताईंनी पण दिलंय. जाणार असाल तर पेन्सिल आणि खोडरबर आपला घेऊन जा, तिथं सगळ्यांत मिळून एकच आहे.