अपडेटच्या नावाखाली १,३८,१९८ रुपये गेले, पिवळी पट्टी दिसली तर नो दाबा

मी कोपरखैरणेला राहते, वाशीच्या एपीएमसीतल्या तीन गाळ्यांचे हिशेब बघते. गाळ्यावरची टॅली घरून रिमोटने उघडायची हे लॉकडाऊनपासून चालूय, त्यामुळे कॉम्प्युटरमधलं मला कळत नाही असं प्लीज कोणी म्हणू नका. गेल्या महिन्यात १९ तारखेला कनेक्शन सारखं तुटत होतं, दुसऱ्या दिवशी जीएसटीच्या ३बी रिटर्नची शेवटची तारीख, दोन पार्ट्यांचं बाकी, म्हणून गूगलवर त्या रिमोट सॉफ्टवेअरचं कस्टमर केअर शोधलं आणि सगळ्यात वर आलेल्या नंबरला फोन लावला. असे नंबर शोधू नका, अपडेट सॉफ्टवेअरच्या आतून नाहीतर कंपनीच्या अधिकृत साइटवरूनच घ्या.

माणूस स्वच्छ मराठी बोलणारा, घाई नाही काही नाही. "ताई, मेंटेनन्स अपडेट चालूय, जुनं व्हर्जन आज रात्री बंद होणार, लिंक पाठवतो. मागे एनीडेस्कचं झालं तसं आमचंही सर्टिफिकेट बदललंय, पिवळी पट्टी येईल, घाबरू नका, यस करा." आता एनीडेस्कचं, म्हणजे तसल्याच दुसऱ्या रिमोट सॉफ्टवेअरचं, मला खरंच माहीत होतं, फेब्रुवारी २०२४ मध्ये त्यांच्या सिस्टिममध्ये घुसखोरी झाल्याचं कंपनीनेच जाहीर केलेलं, सॉफ्टवेअर खरंच कंपनीचं आहे हे दाखवणारं सर्टिफिकेट बदललेलं, नवीन व्हर्जन टाकायला सांगितलेलं. त्यामुळे याचं बोलणं खरं वाटलं, कोणालाही वाटलं असतं.

आणि ती पट्टी आली, हे चालू करू का असं विंडोज विचारतं ती. पिवळी, खाली पब्लिशर अननोन, म्हणजे बनवणारा कोण माहीत नाही. अहो, सर्टिफिकेट नवीन असलं तरी त्यावर कंपनीचं नाव असतंच ना! अननोन म्हणजे विश्वासातलं सर्टिफिकेटच नाही. मी ते अक्षर न् अक्षर वाचलं, दोन सेकंद हात थांबला पण माझा, आणि मग यस दाबलं. महिना झाला, रात्री झोपताना तेवढंच डोळ्यांसमोर येतं.

मग स्क्रीन काळी, अपडेट ३७ टक्के, लॅपटॉपला हात लावू नका. फोन शेजारी थरथरत होता, पण पार्ट्यांचे जीएसटीचे ओटीपी दिवसभर येतात, मी बघितलंच नाही. ते ओटीपी कॉपी करायला सोपे म्हणून फोनचे मेसेज लॅपटॉपवर उघडे ठेवलेले, नेटबँकिंगचा पासवर्ड ब्राउझरमध्ये सेव्ह, म्हणजे काळ्या स्क्रीनमागे त्याला सगळं आयतंच. दोन्ही आजच काढून टाका.

४:४६ ला फोन बघितला तर ४९,९९९ आणि परत ४९,९९९. लगेच बँकेला फोन, ४:५८ ला तक्रार नंबर मिळाला. आणि ५:११ ला आणखी ३८,२०० गेले! तक्रार घेतल्यावर! लॅपटॉप तसाच चालू होता, हे खरंय, आधी राउटर बंद करायचा मग फोन लावायचा हे मला त्या क्षणी सुचलं नाही. पण खातं बंद करणं बँकेचं काम होतं की माझं? मुलीच्या फीचे पैसे होते ते.

ब्रँचमध्ये म्हणे, तुम्हीच ॲक्सेस दिला, कस्टमरचा निष्काळजीपणा. बरं, पहिल्या दोनचं मानलं. पण रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या सर्क्युलरमध्ये स्पष्ट आहे की कळवल्यानंतरचं नुकसान बँकेचं. मी प्रिंट काढून नेली तर साहेब म्हणाले वरून उत्तर येईल. सायबर फसवणुकीची हेल्पलाइन १९३० लागायला चाळीस मिनिटं गेली. पोलिसांकडे गेले तर खातं वाशीच्या ब्रँचचं, तिकडे जा, वाशीत गेले तर राहता कुठे, तिकडे जा. बीएनएसएसच्या, म्हणजे नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या, कलम १७३ प्रमाणे हद्द कुठलीही असो तक्रार घ्यावीच लागते, हे मी, एक हिशेब लिहिणारी बाई, त्यांना सांगतेय आणि ते मला म्हणतायत मॅडम एवढं शिकलेल्या असून यस कसं दाबलंत. तिसऱ्या दिवशी घेतली एकदाची.

बँकेला तक्रार देताना वेळ लिहून घ्या, कॉल लॉगचा स्क्रीनशॉट ठेवा, माझ्याकडे ४:५८ चा पुरावा तेवढाच आहे. तीस दिवस झाले, उत्तर नाही, सोमवारी रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे टाकतेय. तक्रारीनंतर गेलेले पैसे कोणाला परत मिळाले असतील तर अर्जात नेमकं काय लिहिलं ते सांगा, मला ३८,२०० तरी सोडायचे नाहीयेत.