१० एचपीची मोटर अन् ५ इंची पुली : गिरणी घेणाऱ्यांनी वाचा

पिठाची गिरणी घ्यायच्या विचारात असाल आणि दुकानदार म्हणत असेल, "मोटर, पुली, बेल्ट सगळं बसवून देतो, तुम्ही नुसतं दळायचं", तर आधी मोटरची पुली टेपनं मोजा. मला त्या पुलीतच गंडवलंय.

आमच्या बार्शी भागात दळण म्हणजे ज्वारी आणि हरभऱ्याची डाळ. गिरणी दगडाची, मोटर १० एचपी, १४४० आरपीएम (मिनिटाला फेरे). मोटरवर ५ इंची, दोन ग्रूव्हची (बेल्ट बसायच्या खाचांची) पुली, गिरणीवर १४ इंची, त्यावर बी ८८ नंबरचे दोन व्ही बेल्ट (बी म्हणजे बेल्टच्या जाडी-रुंदीचा प्रकार म्हणजे सेक्शन, ८८ म्हणजे इंचात लांबी). कोटेशनवर ठसठशीत लिहिलेलं : "१० एचपी हेवी ड्यूटी ड्राइव्ह, कंप्लीट". बिलावर मात्र नुसतं "गिरणी सामान". हा फरक विसरू नका, पुढे कामाला येतो.

ज्वारीला गिरणी चालायची. डाळ टाकली की बेल्ट किंचाळायचा, दगड दबायचा आणि जळक्या रबराचा वास दुकानभर. फोन केला की, "बेल्ट ढिला आहे, ताणा." ताणला, तर मोटरचं पुलीकडचं बेअरिंग वाजायला लागलं. ते त्याच्याच माणसानं बदललं, मजुरी लावून. मग म्हणे राळ टाका. राळेनं दोन दिवस आवाज बंद, नंतर बेल्टच्या कडा चिकट होऊन सोलायला लागल्या. शेवटी खरा डाव : "कंपनीचाच माल हलका येतोय हल्ली. माझ्याकडचा हेवी सेट न्या." किंमत जवळजवळ दीडपट. तोही गेल्यावर उत्तर तयार होतं, "झिजणारी वस्तू ती, तिला कसली गॅरंटी?"

भाचीचा नवरा साखर कारखान्यात फिटर आहे. जेवायला आला होता, गिरणीत डोकावला आणि म्हणाला, "मामा, बेल्टला कशाला शिव्या देताय? ही पुली बघा की."

त्यानं दळणाच्या वहीवरच हिशोब मांडला. १० एचपी म्हणजे साडेसात किलोवॉट. गिरणीला झटके बसतात, म्हणून वर वीस टक्के धरायचे : झाले ९. बी सेक्शनचा एक बेल्ट १४४०ला फिरणाऱ्या ५ इंची पुलीवर जेमतेम सव्वादोन किलोवॉट ओढतो. म्हणजे चार तर लागतातच. शिवाय लहान पुलीला बेल्टचा वेढा कमी बसतो, म्हणून पाचवा. मला दिले होते दोन! त्यातून ५ इंच ही बी सेक्शनच्या बेल्टची जवळजवळ शेवटची हद्द. त्याहून लहान पुलीवर तो इतका वाकतो की आतली दोरीच थकते. तोच बेल्ट ७ इंची पुलीवर चार किलोवॉटच्या वर जातो, कारण बेल्टचा वेग वाढला की तेवढ्याच ताकदीला ओढ कमी लागते.

मग दुकानदार मोठी पुली का देत नाही? बिडाची पुली वजनावर जाते. लहान पुलीत तिथे पैसे वाचतात आणि नंतर बेल्टचं गिऱ्हाईक कायमचं बांधलं जातं. याला मी चूक म्हणत नाही, हा धंदा आहे.

"हेवी" सेटची तर आणखी मजा. जावयानं दोन्ही बेल्ट एकाच खिळ्याला टांगले. छाप दोन्हींवर बी ८८चाच, पण एक दुसऱ्यापेक्षा दोन बोटं खाली लोंबत होता. अशा जोडीत सगळा भार आखूड बेल्टवर पडतो, लांबडा नुसता फडफडतो. बी सेक्शनची रुंदी १७ मिलिमीटर आणि उंची ११ हवी. मापाचा व्हर्नियर लावला तर रुंदी १६सुद्धा भरेना. व्ही बेल्ट दोन्ही कुशींनी धरतो, ग्रूव्हच्या तळाला त्यानं टेकायचंच नसतं. आमच्या पुलीचा तळ मात्र बेल्ट घासून आरशासारखा चकचकीत झाला होता. पाठीवरचं कंपनीचं नाव रॉकेलच्या चिंधीनं एका फटक्यात पुसलं गेलं, ते वेगळंच.

जाब विचारायला गेलो तर, "पाव्हणं, सगळ्या गिरण्यांना हेच देतो." देतो खरा, म्हणून तर लिहितोय.

आता मोटरला ७ इंची आणि गिरणीला २० इंची पुली आहे, दोन्ही तीन ग्रूव्हच्या, बेल्ट बी १०२. नुसती मोटरचीच पुली वाढवू नका. १४ इंचीवर ७ लावली तर दगड ५१४ ऐवजी ७२० फेरे घेईल आणि पीठ करपेल. बेल्ट तिन्ही एकाच वेळी, एकाच सेटचे घ्या आणि दुकानातच खिळ्याला टांगून बघा. ताण बघायला बेल्टच्या मोकळ्या भागाच्या मध्यावर दाबा : मीटरभर अंतराला साधारण १६ मिलिमीटर लवला पाहिजे, पण किती जोरानं दाबायचं ते बेल्ट कंपनीच्या तक्त्यात बघून.

कोटेशनवर पुलीचा व्यास, ग्रूव्ह किती, बेल्टचा नंबर आणि संख्या लिहून घ्या, आणि तेच शब्द बिलावर आलेत का बघा. दुकानदारानं मला असंही ऐकवलं की धंद्याच्या मशीनची ग्राहक आयोगात दाद लागत नाही. खोटं आहे ते. पोटापाण्यासाठी स्वतः चालवायला घेतलेल्या मशीनचा मालक २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्यातही ग्राहकच आहे. कारण घडल्यापासून दोन वर्षांत तक्रार करता येते, आणि आधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर नोंद करता येते. मी नोंद केली, तेव्हा कुठे "बेल्टचे पैसे परत देतो" असा त्याचा फोन आला. पुली आणि बेअरिंगच्या पैशांबद्दल अजून चकार शब्द नाही. तोवर जुनी पुली, दोन्ही बेल्ट आणि ते कोटेशन माझ्याकडेच आहे. भंगारवाला दोनदा विचारून गेला, दिलं नाही.