लिसा: द पेनफुल, गणेश चवथीपर्यंत खेळल्यावर (आणि यूपीएस घेतल्यावर)

ऑलाथ म्हणजे गेममधलं उजाड जग, ब्रॅड त्याचा नायक, बडी त्याने वाढवलेली मुलगी, एवढं धरून लिहितोय. २०१४ चा आरपीजी (पात्र घेऊन खेळायचा, लढाया-सोबत्यांचा) गेम, आरपीजी मेकर या सॉफ्टवेअरवर केलेला. जुनाट डेस्कटॉपवरही मुकाट चालतो, त्यामुळे ग्राफिक्स कार्डाचं विचारू नका.

मुद्दा एकच, पेन मोडमधलं, म्हणजे गेमच्या कठीण प्रकारातलं सेव्ह. एका जागी एकदाच सेव्ह करता येतं, मग ती जागाच फुटते. आमच्या गोव्यातल्या डिचोलीत पावसाळ्यात नुसतं आभाळ दाटलं तरी लाईट जाते, आणि दीड तासाचा खेळ पाण्यात. जूनमध्ये याला दोनच तारे दिले होते. कठीण असणं वेगळं, छळणं वेगळं.

आता मत थोडं बदललंय. साध्या मोडमध्ये शेकोटीपाशी झोपण्याआधी सेव्ह करायचं. उठल्यावर सोबती पळालेला दिसला किंवा कोणी उचलून नेला, की परत लोड. असं खेळलं तर या गेमचे दातच पडतात. बाकीच्या आरपीजीत झोप म्हणजे फुकटचं औषध, इथे जुगार. म्हणून पेन मोडमध्ये सेव्हची जागा दिसली की लगेच वापरू नका. आधी आजूबाजूचा भाग पिंजून या, मग सेव्ह, मग पुढचा भाग.

सोबती तीसेक मिळतात. एकावरच सगळा जीव लावू नका. जॉय म्युटंट (जॉय या नशेच्या गोळीने राक्षस झालेला माणूस) एका घासात माणूस कायमचा संपवतो. रशियन रूलेटला (एका गोळीच्या पिस्तुलाने आळीपाळीने स्वतःवर चाप ओढायचा जुगार) निरुपयोगी गडीच बसवा. ब्रॅडला जॉयची तलफ आली की त्याचे फटके बोथट होतात. गोळी दिली तर लगेच सुधारतो, पण शेवट त्यावर बदलतो. न देता कळ काढा, तलफ उतरते.

२०२३ च्या डेफिनिटिव्ह आवृत्तीत पेनलेस, म्हणजे सोपा मोडही आहे. तो घेऊन हा गेम खेळायचा तर कशाला खेळायचा?

लाईटवर उपाय एकच, छोटा यूपीएस (लाईट गेल्यावर थोडा वेळ मशीन चालवणारा बॅटरीचा डबा) आणि विंडोजमधलं हायबरनेट. कंट्रोल पॅनेलच्या पॉवर ऑप्शन्समध्ये पॉवर बटणांच्या सेटिंगला हायबरनेटवर टिक करा, मग तो स्टार्ट मेनूत दिसतो. यूपीएस ओरडला की गेम चालू ठेवूनच हायबरनेट. स्लीप नको, त्यात रॅमला वीज लागतेच, बॅटरी संपली की सगळं गेलं. हायबरनेट रॅममधलं सगळं डिस्कवर उतरवून मशीन बंद करतो. लाईट आल्यावर ब्रॅड जिथे होता तिथेच उभा.

गेम सेलमधला, यूपीएस त्याच्या कितीतरी पट महाग. साडेतीन तारे. चौथ्यातला अर्धा त्या बिलापायी कापलाय.