स्टॅन्स नोट्यूब्स सीलंट: सराट्याच्या रस्त्यावर कितपत कामाचं?

दिवाळीच्या आगेमागे सोयाबीन निघतं, कापसाची वेचणी लागते आणि रस्त्याच्या कडेचा सराटा वाळून खडखडीत होतो. थंडीच्या सायकल शर्यतींसाठी लांब सराव करायचे दिवसही नेमके हेच. सराट्याचं फळ वाळलं की त्याचे पाच तुकडे होतात. प्रत्येक तुकड्याला दोन लांब कडक काटे असतात आणि तो कसाही पडला तरी एखादा काटा वर तोंड करूनच बसतो. त्यात कुपाटीसाठी तोडलेली बाभूळ बंडीतून, ट्रॅक्टरमधून जाते आणि डांबरावर काटे सांडत जाते. पांदण रस्त्याने शेताच्या धुऱ्यापर्यंत गेलात तर विचारूच नका. अशा ठिकाणी २५ मिमीच्या टायरात साधी ट्यूब घालून सराव करणाऱ्याचा अर्धा वेळ पंक्चर जोडण्यात जातो. म्हणून हे परीक्षण स्टॅन्स नोट्यूब्सच्या मूळ पांढऱ्या सीलंटचं, म्हणजे टायरात ओतायच्या भोक बुजवणाऱ्या द्रवाचं, आणि त्याच्यासोबत लागणाऱ्या ट्यूबलेस, म्हणजे बिनट्यूबच्या, जोडणीचं आहे.

निकाल आधीच सांगतो. २८ मिमी किंवा त्याहून जाड टायर आणि ट्यूबलेस रेडी रिम असेल तर हे घ्यावं, दुसरा विचार करू नये. २३-२५ मिमीचं टायर आणि साधी रिम असेल तर पैसे आधी चाकात घालावेत, सीलंट नंतर. आणि एकदा भरलं की झालं, असं समजणाऱ्याने विदर्भातल्या उन्हाळ्यात याच्या वाटेला जाऊ नये.

बाटलीत आहे काय? ताकासारखं पातळ, पांढरं द्रव: नैसर्गिक लॅटेक्स, ते लवकर वाळू नये म्हणून ग्लायकॉल, आणि भोकात अडकून बसणारे बारीक कण. हे कण तळाशी बसतात. बाटली अर्धा मिनिट जोरात हलवल्याशिवाय ओतली तर वरचं पाणी टायरात जातं आणि काम करणारा माल बाटलीतच राहतो. ‘सीलंट खराब निघालं’ ही तक्रार पुष्कळदा इथूनच सुरू होते. याच कंपनीचं ‘रेस’ नावाचं सीलंटही मिळतं. त्यातले कण मोठे असल्यामुळे ते वॉल्व्हमधून भरता येत नाही, टायरची एक बाजू उघडून थेट ओतावं लागतं. गावाकडे दर महिन्याला टायर उघडत बसणं परवडत नाही, त्यामुळे आपल्यासाठी मूळ सीलंटच बरं.

कंपनी सांगते की साडेसहा मिमीपर्यंतचं भोक बुजतं. डोंगरी सायकलच्या टायरात २४ पीएसआय (हवेच्या दाबाचं माप) हवा असते, तिथे ते पटतं. रस्त्याच्या टायरात ७० पीएसआय असताना दोन-तीन मिमीच्या पुढे भरवसा ठेवू नये, कारण लॅटेक्स जमायच्या आत हवा त्याला बाहेर ढकलते. सराट्याचं भोक मात्र एक मिमीच्या आसपासचं. काटा उपटला की पांढरा थेंब फुगतो, फुर्रकन बारीक फवारा उडतो. भोक खालच्या बाजूला येईल असं चाक फिरवून क्षणभर धरलं की फवारा थांबतो. हात लावून पाहिलं तर तिथे रबराचा मऊ ठिपका लागतो. हवा चार-पाच पीएसआय गेलेली असते, तेवढ्यावर घर गाठता येतं. बाभळीचा लांब काटा टायरच्या माथ्यातून शिरला तरी बहुतेक वेळा निभावतं. बाजूच्या भिंतीतून शिरला तर नाही, कारण ती सतत वाकत असते आणि बसलेला लॅटेक्सचा बुच उखडतो.

आता जोडणी. सीलंटला दोष दिला जातो, पण खरी चूक इथे होते.

रिमवर ‘ट्यूबलेस रेडी’ लिहिलेलं असलं पाहिजे. अशा रिममध्ये टायरची कड बसायला सपाट पट्टी आणि तिला अडवणारा बारीक उंचवटा असतो. साध्या रिममध्ये तो नसतो, आणि वळणावर हवा कमी असताना कड आत घसरते. रिमची आतली बाजू आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसायची. रॉकेल किंवा पेट्रोलने पुसू नका, त्याचा तेलकट थर राहतो आणि टेप धरत नाही.

टेप रिमच्या आतल्या रुंदीपेक्षा दोन-तीन मिमी जास्त रुंद घ्यावी. आतली रुंदी १९ मिमी असेल तर २१ मिमीची. वॉल्व्हच्या समोरच्या बाजूने सुरुवात करून टेप ताणत लावायची. रस्त्याच्या दाबाला दोन फेरे द्यायचे आणि शेवट सुरुवातीवर दहा-पंधरा सेंटीमीटर चढवायचा. विजेच्या कामाची काळी टेप स्वस्तात भागते असं वाटतं, पण ६० पीएसआयला ती स्पोकच्या भोकात फुगून खाली बसते आणि कडेने हवा झिरपू लागते. मग टायरला कुठेच भोक सापडत नाही आणि हवा मात्र रात्रीतून गायब. टेपला वॉल्व्हसाठी भोक पाडताना ब्लेडने फुलीसारखं कापू नये, फुली पुढे फाटत जाते. दाभण गरम करून गोल भोक पाडावं. वॉल्व्हची चकती बोटाने जितकी घट्ट होईल तितकीच करावी. पक्कड लावली तर रस्त्यात ट्यूब टाकायची वेळ आल्यावर ती निघत नाही.

टायर चढवताना वॉल्व्हच्या समोरून सुरुवात आणि वॉल्व्हपाशी शेवट. वॉल्व्हच्या जागी कड खोबणीत उतरू शकत नाही, म्हणून तो भाग शेवटी घेतला की उरलेली कड खोबणीत ढकलून ढिलाई मिळते. कडेला साबणाचं पाणी लावावं. मग वॉल्व्हच्या आतली सुई, म्हणजे कोअर, काढून एकदम जोरात हवा सोडायची. घरच्या उभ्या पंपाने काही टायर बसतात, काही बसत नाहीत. नाही बसलं तर ट्रकचं पंक्चर काढणाऱ्या दुकानातला कॉम्प्रेसर उपयोगी पडतो. त्याला सायकलच्या बारीक वॉल्व्हसाठी छोटं पितळी अडॅप्टर लागतं, ते खिशात ठेवावं. दुकानदाराला दाब आधीच सांगावा, कारण ट्रकच्या सवयीने त्याचा हात १०० च्या पुढे सहज जातो. टक्, टक् असे आवाज आले आणि कडेची रेघ सगळीकडे सारखी दिसली की टायर बसलं.

त्यानंतर हवा सोडून सिरिंजने सीलंट भरायचं. ७००×२८ ला, म्हणजे २८ मिमीच्या रस्त्याच्या टायरला, ४० मिली, ३५ ते ४० मिमीच्या ग्रॅव्हल (गिट्टी-मुरमाच्या रस्त्याच्या) टायरला ६०, आणि २९ इंची डोंगरी टायरला ९० ते १००. वॉल्व्ह घड्याळातल्या चार किंवा आठच्या जागी ठेवावा. कोअर लावून हवा भरायची, चाक दोन्ही बाजूंनी आडवं धरून हलवायचं आणि लगेच आठ-दहा किलोमीटर चालवून यायचं. भरून तसंच भिंतीला टेकवून ठेवलं तर सीलंट खाली साचतं आणि वरची बाजू कोरडी राहते. पहिले तीन-चार दिवस हवा थोडी कमी होतेच, त्याने घाबरू नये.

दाबाचं गणित ट्यूबपेक्षा वेगळं आहे. ६५ किलोच्या स्वाराला २८ मिमीच्या टायरात पुढे ६५, मागे ७० पीएसआय पुरेत. उखडलेल्या डांबरावर त्याहून पाच कमी. चाक हुकलेस असेल, म्हणजे रिमच्या कडेला टायर अडकवणारा आतला हुक नसेल, तर ५ बार ही मर्यादा. ती ७३ पीएसआयच्याही किंचित आत भरते. ती ओलांडायची नाही आणि टायरही चाक कंपनीच्या यादीतलंच घ्यायचं. २०२४ च्या यूएई टूर शर्यतीत बेल्जियमचा सायकलपटू थॉमस डी गेंट पडला तेव्हा त्याचं टायर रिमवरून सुटलेलं जगाने पाहिलं, आणि हुकलेसवरचा वाद तिथून पेटला. ज्यांच्याकडे दाब मोजणारा नीट पंप नाही त्यांनी हुकलेस चाक घेऊच नये, असं आमचं स्पष्ट मत आहे.

आता उन्हाळा. अकोला, चंद्रपूरकडे मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो आणि टिनाच्या शेडमध्ये उभी सायकल त्याहून जास्त भाजते. सीलंटमधलं पाणी टायरच्या धाग्यांतून हळूहळू उडून जातं, लॅटेक्सच्या गुठळ्या होतात आणि टायरला आतून रबराची साल धरते. कंपनी दोन ते सात महिने टिकतं म्हणते. आपल्याकडे मार्च ते जून दर महिन्याला प्रत्येक टायरात २५ मिली नवं घालावं, बाकीच्या काळात तीन महिन्यांनी. तपासणं सोपं आहे. चाक काढून कानाजवळ हलवलं की चळचळ आवाज यायला हवा. आला नाही तर कोअर काढून बारीक काडी आत घालावी. कोरडी निघाली तर सीलंट संपलं. हिशेब केला तर सुरुवातीचे ८० मिली, उन्हाळ्याचे २०० आणि उरलेल्या वर्षाचे दीडशेच्या आसपास, म्हणजे ४७३ मिलीची बाटली एका सायकलला एक वर्ष जाते. तालुक्याच्या दुकानात ती सहसा मिळत नाही. नागपूर-अमरावतीहून आणावी किंवा कुरिअरने मागवावी लागते. दोघांनी मिळून ९४६ मिलीची बाटली घेतलेली बरी. बाटली घरात सावलीला ठेवावी, शेडमध्ये नाही.

कोअर चोंदणं हा कायमचा त्रास. हवा भरताना वॉल्व्ह तळाला असेल तर सीलंट त्यात चढतं आणि वाळतं. दोन जादा कोअर आणि ते फिरवायचा छोटा पान्हा जवळ ठेवावा. कार्बन डायऑक्साइडच्या नळीने हवा भरायची असेल तर वॉल्व्ह वर ठेवावा, गार वायू थेट लागला की लॅटेक्स गोठतं.

कुठल्या शर्यतीला किती उपयोग, हे वेगवेगळं आहे. सामूहिक रस्ता शर्यतीत सगळ्यात जास्त. मोठ्या स्पर्धांत मागून गाडी येते, चाक बदलून मिळतं, स्वार पुन्हा घोळक्यात येतो. जिल्हा पातळीवर तशी गाडी नसते. काटा शिरला की शर्यत संपली. क्रिटेरियममध्ये, म्हणजे छोट्या बंद रस्त्यावरच्या अनेक फेऱ्यांच्या शर्यतीत, पंचांनी बिघाड मान्य केला तर एक-दोन फेऱ्यांची सूट मिळते, म्हणून तिथे गरज थोडी कमी. छोट्या वैयक्तिक टाइम ट्रायलला (एकट्याने घड्याळाविरुद्धची शर्यत) रस्ता आधी पाहून, झाडून घेतलेला असेल तर लॅटेक्सची ट्यूबही तेवढीच वेगवान, आणि ती हलकी. ट्रॅकवर काटेच नसतात, तिथे सीलंटचं काम नाही. उलट लाकडी ट्रॅकवर सांडलं तर मागचे सगळे घसरतील. सायक्लोक्रॉस, म्हणजे चिखल-गवतातली शर्यत, आपल्याकडे फारशी नाही, सोडून देऊ. डोंगरी सायकलचं उत्तर जुनं आहे: चाकं बनवणाऱ्या माव्हिक कंपनीने १९९९ मध्ये ट्यूबलेसची पद्धत आणली आणि क्रॉस कंट्रीवाल्यांनी मागे वळून पाहिलं नाही. मेळघाटातल्या मुरमाच्या वाटांवर ट्यूब घालून कमी दाबाने चालवलं की दगडावर ट्यूब चिमटते आणि सापाच्या दाताची दोन भोकं पडतात. ट्यूबच नसेल तर ती भानगडच नाही. ग्रॅव्हलची पहिली जागतिक स्पर्धा २०२२ मध्ये इटलीत झाली. हा प्रकार तर आपल्या गिट्टी-मुरमाच्या रस्त्यांसाठीच आहे, आणि तिथे ४० मिमीच्या टायरात हे सीलंट सर्वांत खुलतं.

ब्रेव्हे, म्हणजे ठरलेल्या वेळेत लांब अंतर कापायची सफर, ही शर्यत नाही, पण २०० किलोमीटर साडेतेरा तासांत संपवायचे असतात आणि बाहेरची मदत फक्त चेकपॉइंटवर घेता येते. नागपूरचे डॉ. अमित समर्थ यांनी २०१७ मध्ये एकट्याने पूर्ण केलेल्या रेस अक्रॉस अमेरिका या अमेरिका आडवी पार करायच्या शर्यतीत स्वाराच्या मागे गाडी असते. ब्रेव्हेत तुम्ही, अंधार आणि सराटा. इथे सीलंटसोबत दीड ते साडेतीन मिमीच्या रबरी वाती आणि त्या खुपसायचं अवजार हवंच. गिट्टीच्या धारदार कडेने पडलेली चीर सीलंटने बुजत नाही, वात घालून थांबते. मोटरसायकलची वात सायकलला जाड पडते, भोक आणखी मोठं करते.

साधी रिम असणाऱ्या शाळकरी पोरांसाठी मधला रस्ता आहे: कोअर निघणारी ट्यूब घेऊन त्यात ३० मिली हेच सीलंट भरावं. ८०-९० पीएसआयला ते कच खातं, ६०-६५ ला सराटा बुजवतं. मोटरसायकलसाठी मिळणारं घट्ट, तंतूवालं जेल मात्र सायकलच्या बारीक टायरात घालू नये. ते नीट पसरत नाही आणि एका जागी साचून चाक वेगात थडथडतं.

जवळ एक साधी ट्यूब कायम असू द्या. ती टाकायची वेळ आली तर आधी टायरच्या आतून बोट जपून फिरवा, फडकं गुंडाळून. सीलंटवाल्या टायरात महिनोन्‌महिने काटे रुतून बसलेले असतात. लॅटेक्स त्यांना धरून ठेवतं म्हणून कळत नाही. ते सगळे बाहेरून पक्कडीने उपटल्याशिवाय ट्यूब भरली तर पहिल्या शंभर मीटरमध्ये ती पुन्हा पंक्चर होणार. वॉल्व्हची चकती काढा, जुना वॉल्व्ह खिशात टाका, उरलेलं सीलंट कडेला ओता, डिस्क ब्रेक असेल तर चकतीवर उडालेले थेंब लगेच पुसा, आणि मगच ट्यूब घाला.