स्कूटर विकली, पण मालक मीच राहिलो

गेल्या मे महिन्यात मी माझी आठ वर्षं वापरलेली स्कूटर विकली. घेणारा पुण्यातलाच, जुन्या गाड्यांचा धंदा करणारा. 28 हजारांत सौदा ठरला. त्याने रोख पैसे मोजून दिले आणि मालकी बदलाच्या फॉर्म 29 च्या दोन प्रती व फॉर्म 30 पुढे सरकवले. घेणाऱ्याचं नाव, पत्ता, तारीख, सगळं कोरं. "काका, गिऱ्हाईक मिळालं की थेट त्याच्या नावावर करतो. दोनदा ट्रान्सफरचा खर्च कशाला?" मला पटलं. सह्या केल्या, आरसी दिली, दोन्ही किल्ल्या दिल्या. पावती मागितली नाही.

पावसाळ्यात मोबाइलवर ई-चलन आलं. फोटो उघडला तर स्कूटरवर तिघं, एकाच्याही डोक्यावर हेल्मेट नाही, आणि चालवणाऱ्याला अजून मिसरूडही फुटलेलं नाही. मागच्या मडगार्डवर माझ्या मुलीने चिकटवलेलं पिवळं फुलपाखरू तसंच होतं. डीलरला फोन केला. "होऊन जाईल, काका." आणखी एक चलन आलं. कटकट नको म्हणून दोन्ही मीच भरली. आज त्याचाच सगळ्यात जास्त पश्चात्ताप होतो, कारण तेव्हाच आरटीओत गेलो असतो तर पुढचं टळलं असतं.

नोव्हेंबरात पोलीस चौकीतून बोलावणं आलं. त्याच स्कूटरने रस्त्याकडेला भाजी विकणाऱ्या एका बाईंना उडवलं होतं. पाय दोन ठिकाणी मोडला. चालवणारा सोळा वर्षांचा. डीलरने गाडी विकलीच नव्हती. दिवसाच्या भाड्याने पोरांना देत होता.

मी सांगत राहिलो, गाडी माझी नाही. पण मोटार वाहन कायद्याच्या लेखी ज्याच्या नावावर नोंदणी तोच मालक. नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये हेच सांगितलं. तिथेही गाडी एकाकडून दुसऱ्याकडे विकत गेली होती, नोंदणी मात्र पहिल्याच्याच नावावर. कलम 199अ प्रमाणे अल्पवयीन मुलाने गुन्हा केला तर पालक किंवा गाडीमालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि 25 हजार दंड होऊ शकतो. आपल्याला माहीत नव्हतं, हे मालकानेच सिद्ध करायचं. त्यात इन्शुरन्स ऑगस्टमध्ये संपलेला. विकलेल्या गाडीचा हप्ता कोण भरतो? त्यामुळे नुकसानभरपाईचा दावाही माझ्यावर आहे.

एका ओळखीच्याने सुचवलं, मागची तारीख टाकून चोरीची तक्रार दे. असला सल्ला कुणी दिला तर मुळीच ऐकू नका, खोटी तक्रार हा वेगळा गुन्हा आहे. परवानगीशिवाय गाडी पळवणाऱ्याला कलम 197 लागतं, तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा 5 हजार दंड, किंवा दोन्ही. पण मी तर स्वतःच्या हाताने किल्ली दिली होती.

वकिलांनी पहिल्याच भेटीत विचारलं, "गाडी कोणत्या दिवशी, किती वाजता दिली, याचा एक तरी कागद आहे?" नव्हता. शेवटी जुने मेसेज चाळताना डीलरचा एक सापडला, "उद्या गाडी न्यायला येतो." सध्या आमची सगळी भिस्त त्या एका ओळीवर आहे.

म्हणून हात जोडून सांगतो, कोऱ्या फॉर्मवर सही करू नका. गाडी देताना तारीख-वेळ लिहिलेली पावती, घेणाऱ्याच्या आधारची प्रत आणि गाडीसोबत त्याचा फोटो घ्या. विक्री झाल्याचं चौदा दिवसांत आरटीओला कळवणं ही विकणाऱ्याची जबाबदारी आहे, ती घेणाऱ्यावर सोडू नका. आणि डीलरकडे आरटीओचं अधिकारपत्र आहे का ते बघा. एप्रिल 2023 पासून जुन्या गाड्यांच्या डीलरना ते घ्यावं लागतं. गाडी ताब्यात घेतल्याची नोंद सरकारी पोर्टलवर झाली की जबाबदारी त्यांची, आणि ट्रायल किंवा दुरुस्तीसारख्या कामांपलीकडे ती रस्त्यावर काढायची त्यांना मुभा नाही. माझ्या डीलरकडे असं काही नव्हतं, आणि मी विचारलंही नव्हतं.

त्या बाईंना भेटायला मी दवाखान्यात गेलो होतो. त्यांच्या मुलाने दारातच अडवून विचारलं, "गाडी तुमचीच ना?" मी सगळं सांगायला लागलो. त्याने अर्ध्यातच मान फिरवली.